चेक बाहुलीपट आणि संकलिकेची कात्री

चेक भाषेत चित्रपटाच्या संकलनाला जो शब्द आहे, तोच शब्द शिंप्याच्या बेतालाही आहे. 'स्त्रिह' असा तो साधारणपणे लिहिता येईल. त्यातील एक ध्वनी 'र' आणि 'झ' यांच्या दरम्यानचा असून तो देवनागरीत नीट उतरत नाही. कातरणे हा त्याचा मूळ अर्थ. अंगरख्याचा बेत तो स्त्रिह, आणि चित्रपटाची फीत कापून जोडणे तेही स्त्रिह. आपल्या मराठीने या व्यवसायासाठी 'संकलन' हा शब्द पत्करला. एका भाषेची दृष्टी कापण्याकडे गेली, दुसरीची गोळा करण्याकडे. सामान्य बोलपटापुरते पाहिले तर दोन्ही शब्द सार्थ आहेत. कारण तेथे एकच प्रसंग पाच वेळा, सात वेळा, वेगवेगळ्या कोनांतून चित्रित होतो, आणि त्या ढिगातून वेचणे व उरलेले टाकून देणे हेच संकलकाचे काम असते. परंतु ज्या चित्रपटांविषयी आम्हांस येथे लिहावयाचे आहे, त्यांत वेचण्यासारखा ढीग नसतो आणि टाकण्यासारखे उरतही नाही. एकेक चौकट हाताने घडविलेली असते. मग तेथे संकलक करतो काय? हा प्रश्न आम्हांस प्रथम पडला तेव्हा त्याचे उत्तर 'फारसे काही नाही' असेच असावे, असे आम्ही गृहीत धरले होते. ते चुकीचे होते.

प्राग आणि झ्लीन या दोन शहरांतून निघालेल्या चेक बाहुलीपटांचा व सचेतनपटांचा लौकिक दुसऱ्या महायुद्धानंतर जगभर पसरला. यिर्झी त्रन्का, हेर्मिना तिर्लोव्हा, कारेल झेमान, ब्र्येतिस्लाव पोयार, यान श्वांकमायर ही दिग्दर्शकांची नावे या कलेच्या कोणत्याही इतिहासात सापडतात. त्याच चित्रपटांच्या नामावळीत, छायालेखक आणि संगीतकार यांच्या शेजारी, 'स्त्रिह' या शब्दापुढे आणखी एक नाव असते, आणि ते पुष्कळदा स्त्रीचे असते. चेक स्त्रियांचे आडनाव बहुधा 'ओव्हा' या प्रत्ययाने संपते, त्यामुळे ती भाषा न जाणणाऱ्या प्रेक्षकालाही हे कळून येते. पुरुष या कामात नव्हतेच असे नव्हे. झेमान यांच्या १९५८ सालच्या, ज्यूल व्हर्नच्या कादंबरीवरील चित्रपटाचे संकलन झ्देन्येक स्तेह्लीक यांनी केले होते. पण आम्हांस येथे तीन स्त्रियांच्या कामाविषयी बोलावयाचे आहे : हेलेना लेब्दुश्कोव्हा, हाना वालाखोव्हा आणि मारिए झेमानोव्हा. या तिघींचे काम एकापुढे एक ठेवले की १९४८ पासून २०१० पर्यंतचा, म्हणजे बासष्ट वर्षांचा, एक सलग धागा हाती येतो. त्यांनी त्यावर ग्रंथ लिहिले नाहीत. त्यांची कारकीर्द चित्रपटांतूनच वाचावी लागते, आणि तसे वाचण्यासाठी आधी त्या कामाचे स्वरूप समजून घेतले पाहिजे.

पडद्यावर एका सेकंदात चोवीस चौकटी सरकतात. पस्तीस मिलिमीटर रुंदीच्या फितीच्या एका फुटात सोळा चौकटी बसतात. म्हणजे एका मिनिटाला नव्वद फूट फीत लागते. बाहुलीला चालवावयाचे तर तिचा पाय किंचित हलवून एक चौकट टिपावयाची, पुन्हा किंचित हलवून दुसरी टिपावयाची. दिवसभर असे खपल्यावर काही थोड्या सेकंदांचे चित्रण पदरी पडते. ही युक्ती आपल्याला अपरिचित नाही. बडोद्याच्या कलाभवनात शिकलेल्या दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्रा'च्याही आधी वाटाण्याच्या अंकुराची वाढ अशीच एकेक चौकट टिपून पडद्यावर आणली होती. आणि त्यांच्या घरी कोऱ्या फितीला छिद्रे पाडण्याचे काळोखातले काम सरस्वतीबाई करीत. चित्रपटविद्येच्या आरंभापासून फितीवरचे बारीक, चिकाटीचे आणि न दिसणारे काम बहुतेक देशांत स्त्रियांच्या हाती आले, त्यामागे शिवणकामाशी असलेले त्याचे साम्य हे एक कारण सांगितले जाते. त्या कामाला मानही शिवणकामाइतकाच मिळाला.

दिवसाकाठी काही सेकंद, या हिशेबाने चित्रपट घडत असेल तर एक प्रसंग सात वेळा चित्रित करून त्यांतून उत्तम निवडावा ही चैन परवडणारी नसते. म्हणून सचेतनपटात संकलनाचा मोठा भाग चित्रणाच्या आधीच, कागदावर होतो. कोणते दृश्य किती चौकटींचे, बाहुलीने मान कोणत्या चौकटीला वळवावी, थांबावे किती, याचा तक्ता तयार होतो. संगीत आधी ध्वनिमुद्रित झालेले असेल तर ध्वनीची फीत संकलनाच्या मेजावर पुढेमागे सरकवून कोणता ठोका कोणत्या चौकटीवर पडतो हे कान देऊन टिपून घ्यावे लागते, आणि त्या टिपणाबरहुकूम पुढे बाहुली नाचते. मात्रावृत्ते शिकविणाऱ्या शिक्षकाला हा हिशेब परका वाटू नये. लघू-गुरूंची मोजणी येथेही आहे. फरक इतकाच की येथे मात्रा सेकंदाच्या चोविसाव्या भागाची आहे आणि ती चुकली तर कान खटकण्याऐवजी डोळा खटकतो. आणि वृत्तात जशी मात्रा मोजता येणाऱ्या प्रत्येकाला यती साधत नाही, तसेच येथेही आहे.

यती साधणे हेच चित्रणानंतरचे काम. बाहुलीने हात उचलला आणि ती थांबली. किती थांबली? तक्त्यात बारा चौकटी लिहिलेल्या असतील. पण दोन दृश्ये शेजारी ठेवल्यावर त्या बारा जड वाटू लागतात, आठ पुरेशा होतात. किंवा उलट, बाराच्या जागी वीस हव्या असे दिसते, तेव्हा स्थिर चौकटीच्या प्रती काढून विराम वाढवावा लागतो. सजीव नट थांबला तरी त्याचा श्वास चालू असतो, पापणी लवते, वस्त्राची चुणी हलते. बाहुली थांबली की ती लाकूड होते. विराम चार चौकटी लांबला तर प्रेक्षकाला ते लाकूड दिसते, आणि चार चौकटी आखूड राहिला तर बाहुलीने विचार केला असे त्याला वाटत नाही, ती नुसती हिसक्याने हलली असे वाटते. बाहुलीच्या अंगी जीव येतो तो हालचालीने, असे सर्वसाधारणपणे समजतात. आमच्या मते तिला मन येते ते विरामाने, आणि तो विराम ज्या मेजावर कायम होतो ते मेज संकलिकेचे असते. याखेरीज किरकोळ कामे असंख्य. बाहुली हलविणाऱ्याचा हात चुकून एखाद्या चौकटीत सापडतो, ती काढावी लागते. त्या काळी फितीचे तुकडे जोडताना एका कडेचा लेप खरवडून त्यावर दुसरी कड रसायनाने चिकटवीत. असा जोड उकलून पुन्हा घालावयाचा तर चौकट खर्ची पडे. ज्या चौकटीमागे कुणाचे तरी कष्ट आहेत ती अशी गमावणे म्हणजे काय, हे त्या मेजावर बसणारीला नेमके ठाऊक असे.

ऑगस्ट १९४५ मध्ये चेकोस्लोव्हाकियात चित्रपटधंद्याचे राष्ट्रीयीकरण झाले आणि त्याच वर्षी प्रागमध्ये सचेतनपटांचा एक स्टुडिओ निघाला. 'ब्रात्री व्ह त्रिकू' हे त्याचे नाव श्लेषात्मक आहे : युक्ती करणारे भाऊ आणि एकसारखे बनियन घातलेले भाऊ, असे दोन्ही अर्थ त्यातून निघतात. प्ल्झेन येथे १९१२ साली जन्मलेले चित्रकार यिर्झी त्रन्का हे त्याचे पहिले प्रमुख. रेखाचित्रांच्या चित्रपटात शेकडो हातांतून जाताना आपली रेषा आपली राहत नाही असे वाटून ते लवकरच बाहुल्यांकडे वळले, आणि १९४७ पासून पुढे त्यांचे मोठे बाहुलीपट एकामागून एक येऊ लागले. त्यांपैकी हान्स अँडरसनच्या कथेवरील 'सम्राटाचा बुलबुल' या १९४८-४९ सालच्या चित्रपटाचे संकलन हेलेना लेब्दुश्कोव्हा यांचे आहे.

या चित्रपटात एक अडचण मुद्दामच पत्करलेली आहे. कथेभोवती सजीव चित्रणाची चौकट आहे. श्रीमंत घरचा एकाकी मुलगा खेळण्यांच्या गराड्यात आजारी पडतो, आणि त्याच्या तापातल्या स्वप्नात चीनच्या बादशहाची कथा बाहुल्यांकरवी घडते. सजीव मुलाचा काळ आपल्या काळासारखा वाहतो. बाहुलीचा काळ मोजून मापून तयार केलेला असतो. हे दोन काळ एकमेकांना जेथे भिडतात तो सांधा कच्चा राहिला तर पुढची सारी कथा खोटी पडते. शिवाय त्रन्का यांचा आणखी एक दंडक होता. त्यांच्या बाहुल्यांचे चेहरे बदलत नाहीत. डोळे-ओठ रंगविलेले, कायमचे. राग, शोक, भीती ही प्रकाशाच्या कलाने, मानेच्या झुकावाने आणि पुढेमागे कोणते दृश्य आहे यावरून ओळखावयाची.

यातील शेवटची गोष्ट सर्वस्वी संकलनाची आहे. रशियन दिग्दर्शक लेव कुलेशॉव्ह यांचा या शतकापूर्वीचा प्रयोग प्रसिद्धच आहे : एका नटाचा निर्विकार चेहरा त्यांनी एकदा अन्नाच्या ताटलीशेजारी, एकदा शवपेटीशेजारी जोडून दाखविला, आणि प्रेक्षकांना त्याच चेहऱ्यावर एकदा भूक तर एकदा दुःख दिसले. कुलेशॉव्ह यांना त्यासाठी नटाला निर्विकार ठेवावे लागले. त्रन्का यांच्या बाहुल्या जन्मतःच निर्विकार आहेत. त्यामुळे त्यांचा प्रत्येक बाहुलीपट म्हणजे तोच प्रयोग तासभर चालविण्यासारखे आहे. बादशहा खऱ्या बुलबुलाऐवजी यांत्रिक बुलबुलावर भाळतो आणि पुढे पस्तावतो. त्याचा चेहरा मात्र तोच. तो पस्तावा आपल्याला दिसतो यात लाकूड कोरणाऱ्याइतकाच, बाहुली हलविणाऱ्याइतकाच, दृश्यांचा क्रम लावणाऱ्या हाताचा वाटा आहे, असे म्हणावयास आम्हांस काहीच हरकत दिसत नाही.

हाना वालाखोव्हा यांच्या कामाचा आवाका त्याहून निराळा. त्रन्का यांनी शेक्सपिअरच्या 'मिडसमर नाइट्स ड्रीम'वर १९५९ साली रुंद पडद्यासाठी जो बाहुलीपट केला त्याचे संकलन त्यांचे आहे. नाटकात तीन जगे आहेत : दरबारी प्रेमिकांचे, यक्षपऱ्यांचे आणि नाटक बसविणाऱ्या कारागिरांचे. शेक्सपिअरने ती शब्दांनी विणली. त्रन्का यांनी संवाद जवळजवळ वर्ज्य करून ती हालचालींवर आणि व्हात्स्लाव त्रोयान यांच्या संगीतावर सोपविली. म्हणजे एका जगातून दुसऱ्या जगात नेणारा शब्द गेला आणि ते काम जोडाने करावयाचे राहिले. हा चित्रपट फार देखणा आहे. पण मध्यंतरी तो आपल्याच सौंदर्यात रेंगाळतो, असे आमचे प्रांजळ मत आहे, आणि तेथे संकलिकेने कात्री अधिक चालवावयास हवी होती की दिग्दर्शकाने ती चालवू दिली नसती, हे पडद्याकडे पाहून ठरविता येत नाही.

'रुका', म्हणजे 'हात', या १९६५ सालच्या अठरा मिनिटांच्या चित्रपटात असे रेंगाळणे कोठेच नाही. त्रन्का यांचा हा शेवटचा चित्रपट, आणि संकलन पुन्हा वालाखोव्हा यांचे. गोष्ट साधी आहे. विदूषकाच्या वेषातील एक कुंभार आपल्या गुलाबाच्या रोपासाठी कुंडी घडवीत असतो. दारातून एक प्रचंड हात आत येतो आणि कुंडीऐवजी हाताचा पुतळा घडव म्हणून सांगतो. कुंभार नकार देतो. हात देणग्या देतो, टेलिफोनवरून आर्जव करतो, मोह घालतो, धमकावतो, शेवटी त्याला दोऱ्या बांधून सोन्याच्या पिंजऱ्यात टाकतो आणि पुतळा घडवून घेतो. कुंभार निसटून घरी येतो, दारे-खिडक्या ठोकून बंद करतो, आणि त्याच्याच कुंडीचा घाव डोक्यावर बसून मरतो. मग तोच हात त्याची थाटाने अंत्ययात्रा करतो.

येथे ध्यानात घेण्याजोगी गोष्ट अशी की कुंभार बाहुली आहे, पण हात खराखुरा माणसाचा आहे. बाहुलीचा काळ चौकटी-चौकटींनी रचलेला, तर हाताच्या हालचालीत मांस, शिरा आणि सहजता आहे. 'सम्राटाचा बुलबुल' मध्ये हे दोन काळ स्वप्नाच्या सीमेवर एकदा भेटत होते. येथे ते एका खोलीत समोरासमोर उभे आहेत. आम्ही हा चित्रपट दुसऱ्यांदा पाहिला तो केवळ जोड मोजण्यासाठी. कुंभार चाकाशी बसलेला असतो तोवर दृश्ये निवांत चालतात; माती फिरते, पाणी घातले जाते, गुलाबाकडे पाहिले जाते. हात आला की लय मोडते. हात घाईत नसतो, घाई कुंभाराची होते, आणि ती त्याच्या चेहऱ्यावर दिसू शकत नसल्यामुळे जोडांच्या अंतरात दिसते. मधे एक ठिकाण असे आहे की हाताने दिलेल्या दूरचित्रवाणी संचावर नाना प्रकारचे हात येऊ लागतात : न्यायाचा तराजू धरलेला हात, मशाल उंचावलेला हात. प्रत्येक हात ओळखीचा, आदरणीय. ते एकापाठोपाठ एक येत राहिले की आदराचे दडपण होते. एकही हात स्वतः वाईट नाही. वाईट आहे तो त्यांचा क्रम. सत्तेची भाषा कशी बनते हे इतक्या थोडक्यात दाखविणारे दुसरे उदाहरण आमच्या पाहण्यात नाही, आणि ते सर्वस्वी कापण्या-जोडण्याने साधलेले आहे.

त्रन्का ३० डिसेंबर १९६९ रोजी वारले. तोपर्यंत १९६८ च्या ऑगस्टमध्ये सोव्हिएत रणगाडे प्रागमध्ये येऊन गेले होते. ज्या राजवटीने त्रन्का यांना सन्मानाने निरोप दिला तिनेच त्यांच्या मृत्यूनंतर 'रुका' दोन दशके दडवून ठेवला. चित्रपटातला शेवट चित्रपटाबाहेर असा घडला.

वालाखोव्हा यांच्या नामावळीत यापुढे जे नाव येते ते स्वभावाने त्रन्का यांच्या अगदी उलट टोकाचे. यान श्वांकमायर, जन्म १९३४, प्रागचे, अतिवास्तववादी. त्यांना देखण्या बाहुल्यांशी कर्तव्य नव्हते. जुनी खेळणी, गंजके खिळे, हाडे, कच्चे मांस, भिंतीचे पोपडे ही त्यांची पात्रे. १९७१ सालच्या त्यांच्या 'झ्वाह्लाव' या लघुपटाचे संकलन वालाखोव्हा यांचे आहे. लुई कॅरॉलची प्रसिद्ध निरर्थिका एका मुलाच्या आवाजात सुरू होते, आणि मग एका बालगृहात कपड्यांचे कपाट, बाहुल्या, खलाशाचा छोटा पोशाख यांचे खेळ चालू होतात. प्रत्येक खेळानंतर लाकडी ठोकळ्यांवर रेखाटलेल्या चक्रव्यूहातून एक रेघ वाट काढू लागते, वाट चुकते, आणि एक काळे मांजर झेप घेऊन ठोकळे पाडून टाकते. मांजर सजीव आहे. हे पुन्हा पुन्हा होते. पोवाड्यात किंवा भजनात पालुपद जे काम करते ते येथे ही मांजराची झेप करते : मागचे कडवे मिटविते आणि पुढच्याला जागा करून देते. पालुपद प्रत्येक वेळी तेच असले तरी गाणारा ते प्रत्येक वेळी निराळ्या वजनाने घेतो. येथे ते वजन झेप कोणत्या चौकटीला पडते यावर आहे. शेवटी रेघ बाहेर पडते. कपाटात मुलाच्या पोशाखाऐवजी मोठ्या माणसाचा काळा पोशाख लटकत असतो, आणि मांजर पिंजऱ्यात असते. बालपण संपल्याची बातमी एकाही शब्दाविना मिळते.

त्रन्का यांची संथ लय आणि श्वांकमायर यांचे तुटक, ठोकरणारे जोड एकाच हाताने घातलेले आहेत, हे नामावळी वाचली नाही तर कुणाला पटणार नाही. संकलिकेला स्वतःची शैली असते काय, हा प्रश्न येथे उभा राहतो. आपल्याकडे पोथ्यांचे संपादन करणाऱ्या विद्वानांविषयी हाच प्रश्न विचारता येईल. ज्ञानेश्वरीच्या संपादकाची भाषा पाठात दिसू लागली तर ते संपादन फसले असे आपण समजतो. पण म्हणून संपादकाला कान नव्हता असे कोणी म्हणणार नाही. वालाखोव्हा यांना त्रन्का यांचा श्वास ऐकू आला आणि श्वांकमायर यांची धाप ऐकू आली. दोन्ही एकीलाच ऐकू यावे, ही आमच्या मते विरळा गुणवत्ता आहे.

श्वांकमायर यांचे संकलनाशी असलेले नाते त्यांना महागातही पडले. १९७२ साली त्यांनी 'लिओनार्दोची दैनंदिनी' हा लघुपट केला. त्यात लिओनार्दो दा व्हिंचीची रेखाटने हलतात. ती हलत असतानाच मधेमधे आधुनिक जीवनातील सजीव चित्रणाचे तुकडे जोडलेले आहेत. रेखाटने निरुपद्रवी, तुकडेही बहुधा निरुपद्रवी. त्यांच्या शेजारामुळे मात्र तिसराच अर्थ निघतो, आणि तो सत्तेला रुचला नाही. त्यानंतर कित्येक वर्षे त्यांना चित्रपट करता आले नाहीत. १९७३ मध्ये हाती घेतलेला त्यांचा एक लघुपट १९७९ साली पुरा झाला. राज्यकर्त्यांना संकलनाची ताकद समीक्षकांच्या आधी कळते, असे यावरून कोणी म्हटले तर आम्ही त्याच्याशी वाद घालणार नाही.

बंदीनंतरच्या श्वांकमायर यांचा सर्वांत गाजलेला लघुपट म्हणजे १९८२ सालचा 'संवादाच्या शक्यता', आणि त्याच्या नामावळीत आपल्याला एक जुने नाव पुन्हा भेटते : हेलेना लेब्दुश्कोव्हा. बुलबुलापासून येथवर चौतीस वर्षे झाली होती. हा बारा मिनिटांचा चित्रपट तीन भागांत आहे. पहिल्यात भाजीपाल्याचे, भांड्यांचे आणि लेखनसाहित्याचे बनलेले चेहरे एकमेकांना गिळतात, दळतात आणि ओकतात, आणि प्रत्येक वेळी अधिक बारीक होत शेवटी एकसारखी मातीची डोकी होऊन बसतात. दुसऱ्यात मातीचे स्त्रीपुरुष एकजीव होतात, आणि मग उरलेल्या मातीच्या एका गोळ्यावरून एकमेकांना ओरबाडून संपवितात. तिसरा भाग संकलनाच्या विद्यार्थ्याने पाठ करावा असा आहे. मेजावर समोरासमोर मातीची दोन डोकी. एक तोंडातून दात घासण्याचा ब्रश काढते, दुसरे त्यावर पेस्ट लावते. एक पाव काढते, दुसरे लोणी फासते. एक जोडा, दुसरे नाडी. एक पेन्सिल, दुसरे टोकयंत्र. सगळे सुरळीत. मग डोकी जागा बदलतात, जोड्या विसकटतात : जोड्याला लोणी, पावाला टोकयंत्र, ब्रशला नाडी. शेवटी दोन्ही डोकी भेगाळून धापा टाकतात.

बोलपटात दोन माणसे बोलू लागली की एकदा याचा चेहरा, एकदा त्याचा, ही जोडण्याची सर्वांत जुनी, सर्वांत झिजलेली पद्धत. त्याच पद्धतीवर हा सारा भाग उभा आहे. पहिल्या फेरीत वस्तू आणि तिचा प्रतिसाद यांच्यातले अंतर इतके समान असते की प्रेक्षक मनात पुढची वस्तू बोलू लागतो. ही सवय लागली की मग ती मोडता येते. सवय लावणे हे पूर्णपणे मोजणीचे काम आहे; एखाद्या जोडीला चार चौकटी अधिक दिल्या असत्या तर ती खास वाटली असती आणि विनोद वाया गेला असता. बाहुल्या हलविणाऱ्या व्लास्ता पोस्पिशिलोव्हा आणि लेब्दुश्कोव्हा या दोघींच्या हातांनी हा समतोल राखला आहे. बर्लिनच्या महोत्सवात १९८३ साली या चित्रपटाला लघुपटाचे सुवर्ण अस्वल मिळाले. मायदेशी पक्षाच्या विचारप्रणाली-समितीपुढे तो 'असे काही करू नये' याचा नमुना म्हणून दाखविला गेला.

श्वांकमायर यांचा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट १९८८ चा. कॅरॉलच्या 'अ‍ॅलिस'वरून केलेला. त्याच्या चेक नावाचा अर्थ 'अ‍ॅलिसमधले काही' असा होतो. येथून पुढे संकलिकेचे नाव मारिए झेमानोव्हा असे आहे, आणि ते बावीस वर्षे राहिले : 'फाउस्टचा धडा' (१९९४), 'सुखाचे कटवाले' (१९९६), 'ओतेसानेक' (२०००), 'वेड' (२००५), 'जीवातून निभावणे' (२०१०). यांपैकी 'सुखाचे कटवाले' मध्ये एकही संवाद नाही. सहा माणसांच्या सहा गुप्त उद्योगांची कथा नुसत्या जोडांच्या बळावर समजते. 'वेड' मध्ये प्रसंगाप्रसंगांच्या मध्ये कच्च्या मांसाचे तुकडे सरपटत जातात, विरामचिन्हांसारखे. 'ओतेसानेक'ला चेक चित्रपटांचा वार्षिक सन्मान मिळाला. 'जीवातून निभावणे' मध्ये नटांच्या कापलेल्या छायाचित्रांचा उपयोग भरपूर केलेला असून दिग्दर्शक स्वतः आरंभी येऊन त्याचे कारण सांगतात : छायाचित्रांना जेवण द्यावे लागत नाही, खर्च वाचतो. विनोद आहे, पण पूर्ण विनोद नाही.

तरीही झेमानोव्हा यांचे काम पाहावयाचे तर 'अ‍ॅलिस'मध्येच पाहावे. यात मुलगी सजीव आहे, क्रिस्तीना कोहोउतोव्हा नावाची. तिच्याभोवतीचा ससा, इतर प्राणी, मोजे, हाडे ही सगळी चौकटी-चौकटींनी हलविलेली. ती काही खाते वा पिते आणि लहान होते. लहान झाली की ती चिनी मातीच्या चेहऱ्याची बाहुली असते, पुन्हा मोठी झाली की मुलगी. चाळीस वर्षांपूर्वी लेब्दुश्कोव्हा यांना सजीव आणि बाहुली यांमधली सीमा एका झोपेच्या पडद्याआड ओलांडता आली होती. येथे ती उघड्या डोळ्यांसमोर, एका घोटात ओलांडावयाची आहे, आणि तीही पुन्हा पुन्हा. हे कोणत्याही यंत्राने केलेले नाही. मुलगी आहे, जोड आहे, बाहुली आहे. त्या जोडाच्या अलीकडच्या हालचालीचा शेवट आणि पलीकडच्या हालचालीचा आरंभ एकमेकांत इतके बसतात की आपण बाहुलीतही मुलीलाच पाहतो. संगीत नाही. आवाज आहेत : चुळबूळ, खडखडाट, भुसा सांडण्याचा. आणि प्रत्येक उक्तीनंतर मुलीच्या ओठांचे समीपदृश्य येते. ससा म्हणाला, राणी म्हणाली, असे ते ओठ सांगतात. काहींना ही पुनरुक्ती कंटाळवाणी वाटते. आम्हांस ती आजीच्या गोष्टीतल्या 'म्हणाला'सारखी वाटली : बोलणारे कोणीही असो, आवाज गोष्ट सांगणारीचाच.

या चित्रपटातल्या पांढऱ्या सशाजवळ एक कात्री आहे. राणीने फर्मावले की तो ती काढतो आणि पत्त्यांची डोकी कापून टाकतो. डोके नसलेले पत्ते आपले खेळ पुढे चालू ठेवतात. अखेर अ‍ॅलिस आपल्या खोलीत जागी होते. सारे जिथल्या तिथे असते; फक्त सशाची काचपेटी फुटलेली आणि रिकामी. पेटीतल्या चोरकप्प्यात तिला ती कात्री सापडते. ससा नेहमीप्रमाणे उशीर करतो आहे, त्याचे डोके कापावे की काय, असा विचार ती करते, हातातली कात्री उघडझाक करून पाहते, आणि चित्रपट तेथे संपतो.